14 पानांची इंग्रजी

नमस्कार श्रोतेहो. आज कोर्ट-कचेरीतल्या भाषांतराबद्दल बोलायचंय, आणि त्यासाठी आधी एक प्रकरण ऐकाच. हरिकिसन विरुद्ध महाराष्ट्र राज्य. निकाल सुप्रीम कोर्टाचा, साल 1962.

हरिकिसन यांना प्रतिबंधक स्थानबद्धता कायद्याखाली, म्हणजे पुढे काही करू नये म्हणून आधीच, आत टाकलं. अशा वेळी खटला चालत नाही, हातात पडतात ती फक्त स्थानबद्धतेची कारणं. ती होती टाइप केलेली 14 पानं. त्यांत 13 वर्षांच्या हालचाली, कितीतरी कोर्टप्रकरणांचे उल्लेख, आणि सगळं इंग्रजीत. यांना इंग्रजी येत नव्हतं. त्यांनी हिंदी प्रत मागितली. सरकार म्हणालं, कारभाराची भाषा अजून इंग्रजीच आहे, आणि कागद बजावताना पोलीस अधिकाऱ्याने तोंडी समजावलंय की! हायकोर्टालाही ते पटलं.

आता 14 पानं कुणी एकदा तोंडी सांगितली, तर त्यातल्या तारखा, गावं, नावं किती लक्षात राहतील? राज्यघटनेचं कलम 22(5) म्हणतं, कारणं कळवा आणि त्याविरुद्ध निवेदन करायची लवकरात लवकर संधी द्या. मुद्देसूद उत्तर लिहायचं तर कागद समोर हवा ना? सुप्रीम कोर्टाने हेच धरलं: माणसाला समजेल अशी भाषा, आणि तो साक्षर असेल तर त्याला वाचता येईल अशी लिपी. पुन्हा सांगतो, भाषाही आणि लिपीही. हरिकिसन सुटले.

बाकी, आपल्याकडे मराठी प्रत मिळाली तरी ती ‘उपरोक्त नमूद इसमाने’ छापाची. ती कळायला पुन्हा वकीलच गाठावा लागतो. असो.

खटल्यातही तेच. गडचिरोलीत माडिया बोलणाऱ्या आरोपीला मराठीसुद्धा परकीच. त्याला न कळणाऱ्या भाषेत साक्ष झाली, तर ती भर कोर्टात, त्याच्यासमोर, त्याला कळेल अशा भाषेत सांगायची, असा कायदाच आहे. दुभाष्याला शपथही घ्यावी लागते. तरी बिघडतं. साक्षीदार पाच मिनिटं बोलतो आणि दुभाष्या ‘नाही म्हणतोय साहेब’ एवढ्यावर आटपतो. म्हणून प्रश्न छोटा, एका वेळी एकच. आणि उत्तर साक्षीदार बोलतो तसं, ‘मी’ म्हणूनच सांगायचं. ‘तो म्हणतो, तो तिथे होता’ असं सांगितलं, की तिथे साक्षीदार होता की आरोपी, याचा पत्ता लागत नाही. आणि दुभाष्या सांगतो तेच कोर्टात लिहून घेतलं जातं, अपिलात वाचली जाते ती हीच नोंद.