विमानात बसण्याआधी

पासपोर्टचं हे पान पाहा. अमेरिकेच्या व्हिसाचा स्टिकर, त्यावर मुदत दहा वर्षांची. पहिली गफलत इथेच होते. ही मुदत तिथल्या दारात जाऊन उभं राहण्याची. आत किती दिवस राहायचं ते विमानतळावरचा अधिकारी ठरवतो. पर्यटकाला साधारणपणे सहा महिने. ती तारीख आय-९४ नावाच्या नोंदीत असते. पूर्वी त्याचं छोटं कार्ड पासपोर्टला टाचलेलं मिळे. २०१३पासून विमानाने येणाऱ्यांसाठी ते ऑनलाइन झालं आणि मुद्दाम उघडून बघावं लागू लागलं. किती जण बघतात?

त्या तारखेनंतर एक दिवस जरी राहिलात, तरी तो दहा वर्षांचा व्हिसा बाद होतो. तारखेच्या आत मुदतवाढीचा रीतसर अर्ज पोचला असेल, तर निकाल लागेपर्यंत बेकायदा दिवस चढत नाहीत. रुग्णालयात पडून राहिल्यासारखं खरोखर हाताबाहेरचं कारण असेल, तर उशिराचा अर्जही पोटात घातला जाऊ शकतो. 'विसरलो' हे कारण त्यात बसत नाही.

आता १९९६चा कायदा. १८० दिवसांहून जास्त बेकायदा राहून देश सोडला, तर तीन वर्षं परत यायला बंदी. वर्षभर किंवा त्याहून जास्त राहून सोडला, तर दहा वर्षं. यातला 'देश सोडला तर' हा तुकडा पुन्हा ऐका. बंदी लागू होते ती निघाल्यावर. 'गुपचूप घरी जा, तिकडून नीट अर्ज कर,' असं सांगणारे हितचिंतक जागोजागी भेटतात, आणि नेमका तोच सल्ला अंगाशी येतो.

म्हणून सुटकेचा सगळ्यात सोपा मार्ग आतूनच जातो. समजा, एक बाई पर्यटक म्हणून आली, आठ वर्षं राहिली आणि तिचं अमेरिकन नागरिकाशी लग्न झालं. लग्न खरं असेल आणि दुसरी काही अडचण नसेल, तर आठ वर्षांचं उल्लंघन आड येत नाही. देश न सोडता तिला ग्रीन कार्ड मागता येतं. कारण ती आली तेव्हा अधिकाऱ्याने तिला तपासून आत घेतलं होतं. सीमा चोरून ओलांडणाऱ्याला एरवी ही सवलत नाही.

हाच नवरा नुसता ग्रीन कार्डधारक असेल, तर मात्र चित्र पालटतं. उल्लंघन आड येतं, देश सोडूनच अर्ज पुरा करावा लागतो आणि सोडला की बंदी लागते. म्हणून पुष्कळ घरं तो नागरिक होईपर्यंत कळ काढतात. नाहीतर उरतो त्या बंदीतून माफीचा अर्ज. त्यात सिद्ध करायचा असतो 'पराकोटीचा त्रास'. त्रास कोणाला? नागरिक किंवा ग्रीन कार्डधारक असलेल्या नवऱ्याला, बायकोला किंवा आईवडिलांना. पोटच्या पोराचा त्रास थेट धरला जात नाही, मग ते पोर जन्माने अमेरिकन का असेना. कायदा लिहिताना कोणाला हे खटकलं कसं नाही, कोण जाणे.

काही जुने दरवाजेही आहेत. ३० एप्रिल २००१पर्यंत ज्यांच्यासाठी नातेवाइकाने किंवा मालकाने अर्ज केला होता, त्यांतल्या काहींना हजार डॉलर दंड भरून आतूनच अर्ज करता येतो. आणि १ जानेवारी १९७२पूर्वीपासून सलग राहणाऱ्यांसाठी ग्रीन कार्ड मागायची 'नोंदणी' नावाची वेगळी वाट आहे. ही तारीख १९८६मध्ये शेवटची सरकवली. म्हणजे आजचा अर्जदार पन्नाशी ओलांडलेलाच असणार.

आपल्या गोष्टीतल्या बाईकडे परत येऊ, तिचा नवरा नुसता ग्रीन कार्डधारक आहे असं धरून. २०१३पासून माफीचा अर्ज देश सोडण्याआधी तपासून घेण्याची सोय झाली, २०१६मध्ये ती ग्रीन कार्डधारकांच्या कुटुंबांनाही मिळाली. नवऱ्याच्या आजारपणाच्या फायली, घराच्या कर्जाचे हप्ते, समुपदेशकाचं पत्र, असा गठ्ठा जातो. मंजुरीचं पत्र आलं की ती तिकीट काढते. पण ती माफी लागू होते देश सोडून वकिलातीत मुलाखत दिल्यावरच, आणि तिथे नवीन हरकत निघाली तर पत्र रद्द. परतीच्या तिकिटाची तारीख ती कोरीच ठेवते.