'हीरो' कायदा आणि आपले मंडळ

सभासदहो,

समलिंगी आणि ट्रान्सजेंडर रहिवाशांना भेदभावापासून संरक्षण देणारा नियम ह्यूस्टनमध्ये असावा का, हा विषय निघाला की आपल्यापैकी बरेच जण 'तो त्यांचा प्रश्न' म्हणून मोकळे होतात. 'हीरो' या नावाने ओळखला गेलेला समान हक्क कायदा मुळातून वाचला, तर हे म्हणणे टिकत नाही. 28 मे 2014 रोजी सिटी कौन्सिलने 11 विरुद्ध 6 मतांनी तो संमत केला. ज्यांवरून भेदभाव करण्यास मनाई होती, असे पंधरा निकष त्यात होते; लैंगिक कल आणि लिंगओळख हे त्यांतले दोनच. उरलेल्यांत वंश, वर्ण, धर्म, मूळ देश, गरोदरपण, अपंगत्व, अगदी सैन्यातली सेवासुद्धा होती. घर भाड्याने देताना, नोकरीवर घेताना किंवा हॉटेलात यांपैकी कशावरूनही कोणी डावलले, तर फेडरल यंत्रणेचे उंबरे न झिजवता शहराकडेच तक्रार करता आली असती. धार्मिक संस्थांना तर त्यातून वगळलेच होते.

पुढे हा कायदा शहरातल्या मतदारांपुढे मतदानासाठी गेला. त्याच्या प्रचारात मात्र उरले ते फक्त स्त्रियांचे स्वच्छतागृह: या कायद्यामुळे पुरुष तिथे शिरतील, अशी भीती विरोधकांनी घातली. गैरहेतूने तिथे शिरणे शहराच्या नियमांनुसार आधीपासूनच गुन्हा होता, पण ते लोकांच्या गळी उतरवण्यात समर्थक कमी पडले, असे माझे मत आहे. 3 नोव्हेंबर 2015 च्या मतदानात सुमारे 61 टक्के मतदारांनी कायदा नाकारला आणि धर्म व मूळ देश यांवरून आपल्याला मिळालेले शहरपातळीवरचे संरक्षणही त्याबरोबर गेले. पुढे 2020 साली अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टाने बॉस्टॉक खटल्यात समलिंगी किंवा ट्रान्सजेंडर असल्यावरून नोकरीतून काढणे बेकायदा ठरवून दिलासा दिला, पण तो नोकरीपुरता. हॉटेलात किंवा दुकानात कोणी दार बंद केले, तर त्या निकालाचा थेट आधार मिळत नाही.

'हे आपल्यात बसत नाही' असे म्हणणाऱ्यांना एक आठवण द्यावीशी वाटते. समलिंगी संबंधांसह लैंगिक विषयांवरील वाचकांच्या प्रश्नांना 'समाजस्वास्थ्य' मासिकात मोकळी उत्तरे दिल्याबद्दल र. धों. कर्वे यांच्यावर खटला झाला, आणि 1934 साली हायकोर्टात त्यांची बाजू बाबासाहेब आंबेडकरांनी मांडली. खटला ते हरले, पण ही चर्चा अमेरिकेत येऊन शिकलेली नव्हे.

शहराचा कायदा पुन्हा येईल तेव्हा येईल. आपल्या कुटुंब-सभासदत्वाच्या अर्जावर आजही 'पती' आणि 'पत्नी' असे दोनच रकाने आहेत, आणि त्यामुळे एका सभासदाच्या मुलाने जोडीदारासह नाव नोंदवण्याचा विचार सोडून दिला. ते रकाने बदलायला कोणाच्या मतदानाची वाट पाहावी लागत नाही, म्हणून तो ठराव मी येत्या सर्वसाधारण सभेत मांडणार आहे.