मार्क पडले, पण कागद कुठंय?

नीटचा, म्हणजे डॉक्टरकीच्या प्रवेश परीक्षेचा निकाल लागला की आठवडाभरात माझ्या वकिलीच्या ऑफिसात पालक यायला लागतात, अक्कलकोटचे, मंगळवेढ्याचे, सोलापूर शहरातले, काखेत प्लास्टिकची फाईल, आणि प्रश्न एकच, "साहेब, पोरीला मार्क चांगलेत की, मग अडवलं कशाला?" अवो मार्कांनी नंबर लागतो, पण तुम्ही रांगेत उभं राहायचं का नाही हे कागद ठरवतो.

एका मुलीचं सांगतो. घर, शेत, रेशनकार्ड सगळं अक्कलकोट तालुक्यातलं, वडील कामासाठी चार वर्षं कलबुर्गीला होते म्हणून दहावी तिकडं झाली, बारावी इथं. डोमिसाईल, म्हणजे महाराष्ट्राचे रहिवासी असल्याचा दाखला, मिळालं होतं. पण राज्याच्या 85 टक्के जागांसाठी डोमिसाईल पाहिजेच, शिवाय दहावी आणि बारावी दोन्ही महाराष्ट्रातल्या शाळेतून पाहिजे, काही मोजक्या सवलती सोडल्या तर. कर्नाटकात असलेल्या, पण महाराष्ट्र हक्क सांगतो त्या सीमाभागातल्या 865 गावांच्या मराठी मुलांना वेगळी तरतूद आहे, पण ती यादीतल्या गावांना, आणि हिचं गाव तर महाराष्ट्रातलंच! सरकारी कॉलेजात राहिल्या फक्त ऑल इंडियाच्या, म्हणजे देशभरातल्या पोरांसाठीच्या 15 टक्के जागा. दुधनीच्या पुढं गेलं की कर्नाटक सुरू होतं ओ, पोटासाठी माणसं रोज इकडून तिकडं जातात, त्या पोरांना हा नियम जाचक आहे, हे मी कोर्टात पण बोललोय आणि इथं पण बोलतो.

आता व्हॉट्सॲपवर फिरतंय की सुप्रीम कोर्टानं डोमिसाईल कोटाच रद्द केला. तसं नाही. जानेवारी 2025 चा तो निकाल पीजीच्या, म्हणजे एमबीबीएसनंतरच्या शिक्षणाच्या जागांचा आहे, एमबीबीएसला राज्याचा कोटा अजून चालतो, त्यामुळं तो फॉरवर्ड धरून केस लढायला येऊ नका.

सगळ्यात जास्त पोरं अडकतात ती व्हॅलिडिटीत, म्हणजे जातीच्या दाखल्याच्या पडताळणीत. आपल्याकडं पंढरपूर, मंगळवेढा भागात महादेव कोळी या अनुसूचित जमातीचे (एसटीचे) दावे किती आहेत तुम्हाला माहितीये. सुप्रीम कोर्टातली 1994 ची दोन बहिणींची केस याचीच, वडिलांच्या शाळेच्या नोंदीत 'हिंदू कोळी', मुलींचा दाखला महादेव कोळीचा. निकाल लागेपर्यंत थोरली एमबीबीएसच्या शेवटच्या वर्षाला पोचलेली, तिला तेवढं वर्ष पुरं करू दिलं, पण डेंटलला असलेल्या धाकटीला एसटी म्हणून पुढं शिकता येणार नाही असं कोर्ट म्हणालं. आजच्या पडताळणी समित्यांची पद्धत त्याच निकालातून आली. पुढं 2023 ला कोर्टानं सांगितलं की ॲफिनिटी टेस्ट, म्हणजे देव कुठला, लग्नाच्या चालीरीती काय, एवढ्यावरच दावा फेटाळता येत नाही. जुना कागद, त्यातही 1950 च्या आधीचा, जास्त वजनाचा. म्हणून आजोबांच्या शाळेचं रजिस्टर शोधा, तहसीलात कोतवाल बुक, म्हणजे गावच्या जन्ममृत्यूच्या जुन्या नोंदींची वही शोधा.

आणि वेळ, मंडळी, वेळ! 2019 ला सुप्रीम कोर्टानं म्हटलं की चूक विद्यार्थ्याची नसेल आणि तो लगेच कोर्टात आला असेल तर 30 सप्टेंबरनंतर महिनाभर, तेही अगदी अपवाद म्हणून, प्रवेश देता येईल, नाहीतर पुढच्या वर्षी जागा देता येईल. यात 'लगेच' हा शब्द फार महागाचा आहे. प्रवेश नाकारल्यावर दोन महिने आमदाराच्या दारात घालवून आलेल्या बापाला मी काय सांगू? पोरगं मेहनती असतं, आई रडत असते, आणि माझ्या हातात काही उरलेलं नसतं, त्या दिवशी मला जेवण जात नाही.

मागच्या आठवड्यात मंगळवेढ्याकडचे एक काका आले. कोतवाल बुकातल्या पानाची नक्कल आणलेली, कोपरा वाळवीनं खाल्लेला, मोडीत पणजोबांच्या घरी मुलगा झाल्याची नोंद, जातीच्या रकान्यात शाई फुटलेली. मोडी वाचणाऱ्या गुरुजींना बोलावलं, त्यांनी भिंग धरून पाच मिनिटं ती तीन-चार अक्षरं बघितली, मग मूळ पान बघायला पाहिजे म्हणाले. काका म्हणाले, "बघू की, पोरगी अकरावीतच आहे अजून." सोमवारी आम्ही तिघं तहसीलात चाललोय.