गीझरचे पाणी बंद करताना

श्रोतेहो, नमस्कार.

गीझर गळू लागला किंवा दुरुस्तीसाठी भिंतीवरून उतरवायचा असला, की त्याचा पाणीपुरवठा बंद करावा लागतो. काम थोडक्यात होणारे आहे. मात्र अनेक जण घाईने आधी पाण्याच्या कॉकला हात घालतात. सुरुवात विजेपासून करावी. गीझरचे बटण आणि त्याचा एमसीबी, म्हणजे वीजपेटीतला सुरक्षा-स्विच, असे दोन्ही बंद करावेत, कारण तापमान भरले की थर्मोस्टॅट दिवा विझवतो आणि वीज मात्र आतपर्यंत आलेलीच असते. गॅसवरचा गीझर असल्यास आधी गॅसची चावी बंद करावी.

हा क्रम पाळण्यामागे कारण आहे. 20 अंश सेल्सिअसचे पाणी 60 अंशांपर्यंत तापले, की ते सुमारे दीड टक्का फुगते. एरवी हे वाढीव पाणी अनेकदा थंड पाण्याच्या नळीत मागे सरकते. ती वाट बंद असताना गीझर तापत राहिला, तर टाकीतला दाब वाढत जातो आणि सगळी भिस्त जास्तीचा दाब बाहेर सोडणाऱ्या एकट्या सेफ्टी व्हॉल्व्हवर येते. शिवाय गळतीने टाकी रिकामी होत असेल, तर कोरडी पडलेली कॉइल जळते.

वीज बंद झाली, की थंड पाणी आत नेणाऱ्या नळीवरचा कॉक बंद करावा. या नळीवर बहुधा निळी खूण असते. लाल खुणेची नळी बाहेर जाणाऱ्या गरम पाण्याची असते. चुकून तीच बंद केली, तर टाकीवरचा दाब तसाच राहतो आणि गळतीही थांबत नाही. दांड्याचा कॉक पाव फेऱ्यात बंद होतो, गोल चाकाचा कॉक घड्याळाच्या काट्यांच्या दिशेने अनेक फेरे फिरवावा लागतो. वर्षानुवर्षे न हललेला कॉक पान्याने पिळण्याच्या फंदात मात्र पडू नये. तो तुटला तर पाणी आवरणे कठीण, त्यापेक्षा घराचा मुख्य कॉक बंद केलेला बरा.

आता गरम पाण्याचा नळ उघडून पाहावा. धार मंदावत थांबली, तर कॉक नीट बसला आहे. थांबली नाही, तर कॉक आतून झिजला असेल किंवा गरम आणि थंड पाणी एकत्र करणाऱ्या मिक्सर नळातून थंड पाणी गरम नळीत शिरत असेल.

नळ कोरडा झाला म्हणजे टाकी रिकामी झाली, हा मात्र गैरसमज आहे. गरम पाणी टाकीच्या वरच्या भागातून बाहेर पडते आणि त्याला खालून येणारे थंड पाणी रेटत असते. तो रेटा थांबला, की आतले पाणी जागच्या जागी राहते. पंधरा लिटरच्या गीझरमध्ये तेव्हाही जवळजवळ पंधरा किलो पाणी असते, आणि तेही कदाचित अंग भाजेल इतके गरम. म्हणून ते निवू द्यावे, गरम पाण्याचा नळ उघडाच ठेवावा, म्हणजे आत हवा शिरेल, आणि मगच टाकीखालचे पाणी सोडण्याचे बूच उघडून टाकी रिकामी करावी.

दुरुस्तीनंतर क्रम उलटा होतो. आधी थंड पाण्याचा कॉक उघडावा आणि गरम पाण्याचा नळ मोकळा ठेवावा. प्रथम हवा फुसफुसत बाहेर पडेल. धार अखंड झाली, की नळ बंद करून सगळे सांधे तपासावेत आणि त्यानंतरच विजेचे बटण दाबावे.