आवाजातून घडलेला अबोल नट : मात्ती पेल्लोनपॅ

मित्रहो, फिनलंडच्या चित्रपटांचा विषय निघाला की आपल्याकडे आकी कौरिस्माकी या दिग्दर्शकाचे नाव घेतले जाते आणि चर्चा बहुधा तिथेच थांबते. त्यांच्या चित्रपटांना ज्याने चेहरा दिला, त्या नटाविषयी आज बोलावे असे मी ठरवले आहे. मात्ती पेल्लोनपॅ यांचा जन्म २८ मार्च १९५१ रोजी हेलसिंकीत झाला. त्यांच्या कारकिर्दीची सुरुवात झाली ती १९६२ साली, फिनलंडच्या सरकारी नभोवाणीवर, म्हणजे वयाच्या अकराव्या वर्षी. पुढे त्यांनी नाट्यविद्यालयात रीतसर शिक्षण घेतले आणि १९७७ मध्ये ते तिथून पदवीधर झाले.

नभोवाणीचा हा तपशील मला फार महत्त्वाचा वाटतो. जिथे नटाजवळ आवाजाखेरीज दुसरे काहीच नसते, अशा माध्यमात तयार झालेला हा माणूस पडद्यावर गाजला तो मात्र झुकलेल्या मिशा, उदास डोळे आणि मोजकेच बोलणे यांसाठी. संवादफेकीला टाळ्या देण्याची सवय असलेल्या आपल्यासारख्या प्रेक्षकांना हे विसंगत वाटेल. पण शब्दाचे वजन ज्याला नेमके ठाऊक असते, तोच तो शब्द सपाट सुरात उच्चारून सोडून देऊ शकतो, असे माझे मत आहे.

मिका आणि आकी या दिग्दर्शक कौरिस्माकी बंधूंशी त्यांचे सूर १९८०च्या दशकाच्या आरंभीच जुळले होते, तरी १९८६चा आकींचा ‘शॅडोज इन पॅरडाइज’ हा त्यांच्या वाटचालीतला खरा टप्पा. त्यात ते निकांदर नावाचा, कचऱ्याच्या गाडीवर काम करणारा कामगार झाले आहेत. हा निकांदर इंग्रजीच्या शिकवणीला जातो, सुपरमार्केटमध्ये गल्ल्यावर बसणाऱ्या इलोनाच्या प्रेमात पडतो आणि पहिल्याच भेटीत तिला चक्क बिंगोच्या अड्ड्यावर नेतो. दुसऱ्या एखाद्या नटाने इथे हमखास हशा वसूल केला असता. पेल्लोनपॅ मात्र इतक्या गंभीरपणे वागतात की आपल्याला हसूही येते आणि हसल्याबद्दल थोडे ओशाळल्यासारखेही होते.

दोन वर्षांनी आलेल्या ‘एरियल’मध्ये त्यांची भूमिका दुय्यम आहे. खाण बंद पडल्यामुळे बेकार झालेला नायक उघड्या छताची मोटार घेऊन दक्षिणेकडे येतो. छत कसे चढवायचे हे माहीत नसल्यामुळे भर थंडीत तशीच चालवत राहतो. तुरुंगात त्याच्या कोठडीत मिक्कोनेन, म्हणजे पेल्लोनपॅ, भेटतो. पुढे दोघे पळतात, मिक्कोनेनला जीवघेणी जखम होते आणि त्याच मोटारीत अखेरच्या घटका मोजत असताना तो हाताशी आलेले एक बटण दाबतो. छत आपोआप वर येते. मरणाच्या प्रसंगात असा विनोद घुसवणे ही दिग्दर्शकाची करामत खरी, पण नटाच्या चेहऱ्यावरची एखादी रेषा जरी जास्त हलली असती तरी तो प्रसंग कोसळला असता.

अमेरिकी दिग्दर्शक जिम जार्मुश यांच्या १९९१च्या ‘नाइट ऑन अर्थ’मध्ये मात्र नभोवाणीवरचा तो नट पुन्हा भेटतो. हेलसिंकीतली हिवाळी पहाट, टॅक्सीत तीन झिंगलेले प्रवासी, त्यातला एक शुद्ध हरपलेला. त्याच्यावर एका दिवसात किती संकटे कोसळली हे बाकीचे दोघे रंगवून सांगतात, तेव्हा टॅक्सीचालक मिका, म्हणजे पेल्लोनपॅ, स्वतःची हकीकत सुरू करतो : मुलगी अपुऱ्या दिवसांची जन्मली, ती जगणार नाही असे डॉक्टरांनी सांगितले, म्हणून बापाने तिच्यावर माया न करण्याचे ठरवले, ती तग धरून राहिली, तेव्हा नवराबायकोने तिच्यावर प्रेम करायचे ठरवले, आणि नेमकी तेव्हाच ती गेली. अंधाऱ्या गाडीत हालचालीला वाव नाही. आवाज चढत नाही की कापत नाही. रडतात ते प्रवासी.

१९९२च्या ‘ला व्ही द बोएम’मध्ये ते पॅरिसमधला अल्बेनियन चित्रकार रोदोल्फो झाले, तेही फ्रेंच भाषेत, आणि त्यासाठी त्यांना युरोपियन फिल्म अवॉर्डमध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा मान मिळाला. १९९४च्या ‘टेक केअर ऑफ युअर स्कार्फ, तात्याना’मधला त्यांचा रेइनो आधी अखंड बडबडतो आणि गाडीत दोन परदेशी स्त्रिया येऊन बसताच त्याची वाचाच बसते. बोलका आणि अबोल असे दोन्ही पेल्लोनपॅ एकाच भूमिकेत पाहायचे असतील तर हा छोटेखानी चित्रपट चुकवू नये.

१३ जुलै १९९५ रोजी वासा येथे हृदयविकाराच्या झटक्याने त्यांचे निधन झाले, तेव्हा ते ४४ वर्षांचे होते. ‘ड्रिफ्टिंग क्लाउड्स’ या चित्रपटाची प्रमुख भूमिका आकी कौरिस्माकींनी त्यांच्यासाठीच योजली होती. नवा नट शोधण्याऐवजी त्यांनी ती स्त्रीभूमिका म्हणून नव्याने लिहिली आणि ‘शॅडोज इन पॅरडाइज’मधली इलोना साकारणाऱ्या काती ओउतिनेन यांच्याकडे सोपवली. १९९६ साली आलेल्या या चित्रपटात नायिका आपल्या गेलेल्या मुलाच्या छायाचित्राकडे पाहते. ते छायाचित्र पेल्लोनपॅ यांच्या बालपणीचे आहे. ओउतिनेन यांना पुढे २००२ मध्ये ‘द मॅन विदाउट अ पास्ट’साठी कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. त्यांच्याविषयी मात्र स्वतंत्र व्याख्यानच हवे.