रिंग टेनिस : धरली की टाकायचीच

(शाळेचं मैदान. फक्कीच्या ताज्या रेषा, दोन खांबांना ताणून बांधलेली जाळी.)

जाळीमुळे व्हॉलीबॉल वाटावा, आखणीमुळे बॅडमिंटन. पण इथे चेंडू नाही, रॅकेटही नाही. आहे ती फक्त रबराची एक रिंग. बाहेरून बाहेर मोजली तर साधारण १८ सेंटिमीटर, वजन दोन-सव्वादोनशे ग्रॅम. नियमांच्या पुस्तकात या खेळाला टेनिक्वाईट म्हणतात. शाळेतल्या मुली मात्र म्हणतात, ‘चल, रिंग खेळू.’

खेळाचं मूळ आहे जहाजावर. लांबच्या सागरी प्रवासात वेळ घालवायला प्रवासी डेकवर जाळी बांधायचे आणि कडी फेकायचे. उसळी घेणारा चेंडू तिथे परवडला नसता, थेट समुद्रात गेला असता. जर्मनीतल्या कार्ल्सरूहचे हेरमान श्नायडर यांनी १९२०च्या दशकात हा डेकवरचा खेळ जमिनीवर आणला आणि त्याला नीट नियमांत बसवलं.

(कॅमेरा रेषेवरून सरकत जाळीपाशी येतो.)

दुहेरीचं मैदान १२.२० मीटर लांब आणि ५.५० मीटर रुंद. आपल्याकडे जाळीची उंची जवळपास सहा फूट. जाळीच्या दोन्ही अंगांना सुमारे तीन फुटांचा एक पट्टा आखलेला असतो, तो तटस्थ. त्यात रिंग पडली की टाकणाऱ्याचा फाऊल. त्यामुळे जाळीला घासून अलगद खाली सोडायची आणि फुकटचा गुण घ्यायचा, ही वाटच बंद. समोरचीला पळवायचं असेल तर कोपरे शोधावे लागतात.

आता झेल. रिंग एकाच हातानं धरायची. डावा चालेल, उजवा चालेल, दोन्ही हात लागले की गुण गेला. छातीशी अडवली, अंगाला लागली, तरीही गेला. आणि धरल्यावर थांबायचं नाही. हात मागे नेऊन विचार करायचा नाही, डावीकडे दाखवून उजवीकडे टाकायची हुलकावणी तर अजिबात नाही. म्हणून तयार खेळाडूचं लक्ष रिंग हातात येण्याआधीच पलीकडच्या मोकळ्या जागेवर गेलेलं असतं. पाहणाऱ्याला फक्त हात दिसतो. खरं काम पाय आणि नजर करत असतात.

(संथ गती. बोटं रिंगभोवती मिटतात, मनगट फिरतं, रिंग सुटते.)

इथे नीट बघा. सुटताना मनगटानं रिंगला गिरकी दिली. ही गिरकी रिंगला हवेत सपाट ठेवते. गिरकी कमी पडली, किंवा कड तिरकी सुटली, की रिंग हेलकावे खात जाते. त्याला वॉबल म्हणतात, आणि तो फाऊल आहे. नवख्या खेळाडूंना हा नियम जाचक वाटतो. माझ्या मते या खेळाचा जीव त्यातच आहे. थरथरत येणारी रिंग एका हातात सापडत नाही, बोटांवर आदळते. समोरचीला झेलण्याची खरी संधी मिळावी, म्हणून हा नियम.

जोराला लगाम घालणारा नियमही असाच. खांद्याच्या वरून खाली मारता येत नाही. हातातून सुटताना रिंग वरच्या दिशेनं गेली पाहिजे. म्हणजे इथे स्मॅश नाही. उंच, दणकट खेळाडूसमोर लहान चणीची मुलगी बरोबरीनं उभी राहते ती यामुळेच.

सर्व्हिस मागच्या रेषेबाहेरून. जाळीला लागून रिंग योग्य जागी गेली तर ती पुन्हा घ्यायची; खेळ चालू असताना मात्र जाळीला लागून पलीकडे गेलेली रिंग चालते. दुहेरीत जोडीदाराकडे पास द्यायचा नाही, जिनं धरली तिनंच टाकायची. सेट २१ गुणांचा, तीनपैकी दोन जिंकणारा विजयी.

(राज्यस्तरीय सामन्याची गर्दी, पंचाची शिट्टी.)

या खेळाची पहिली जागतिक स्पर्धा २००६ साली भरली ती चेन्नईत. तमिळनाडू आणि एकूणच दक्षिण भारत या खेळात मुरलेला आहे. आपल्याकडे शाळेत रिंग भरपूर खेळली जाते, पण पुष्कळदा नियमांशिवाय: दोन्ही हातांनी झेल, सावकाश नेम, कशीही फेक. मग दहावी झाली की खेळ सुटतो, कारण त्यातली खरी चुरस मुलींना कधी भेटलेलीच नसते. क्रीडाशिक्षकांना कळकळीची विनंती आहे: पाचवीपासून एकहाती झेल आणि सपाट फेक शिकवा, आणि सरावातही वॉबल दिसला की शिट्टी वाजवा.