कागदाचा धंदा नेमका वाढतो कुठे?

मंडळी, टिश्यू, सॅनिटरी पॅड आणि डायपर बनवणारी कंपनी पुढे वाढेल का, हे ठरवण्याआधी एक टॉयलेट रोल हातात घ्या आणि दाबून पाहा. कागदापेक्षा हवाच जास्त लागेल. गिऱ्हाइकाला ती हवा मऊपणा म्हणून आवडते. कंपनीला मात्र ती महागात पडते. ट्रक वजनाने भरायच्या आधी जागेनेच भरतो, म्हणून रोल लांबवर पाठवणं परवडत नाही. नव्या प्रदेशात शिरायचं तर तिथेच कारखाना टाकायचा, म्हणजे विक्री सुरू व्हायच्या आधी भांडवल अडकलं. शिवाय लगद्याचे भाव आपल्या हातात नाहीत आणि ओला कागद वाळवायला ऊर्जा भरपूर लागते. २०२२ मध्ये युरोपात गॅसचे भाव भडकले, तेव्हा जर्मनीतल्या हाकले या जुन्या टॉयलेट पेपर कंपनीवर दिवाळखोरीचा अर्ज करायची वेळ आली. मागणी काही आटली नव्हती.

बाळांच्या डायपरचं गणित सरळ आहे, मुलंच कमी जन्मताहेत. जपानच्या ओजी होल्डिंग्ज समूहाने २०२४ मध्ये देशातलं बाळांच्या डायपरचं उत्पादन बंद करून मोठ्यांच्या डायपरवर भर द्यायचं ठरवलं.

मला खरी वाढ दिसते ती मोठ्यांच्या या मालात, आणि तिच्या वाटेत किमतीइतकीच लाजही आडवी येते. हे या धंद्याला नवीन नाही. पहिल्या महायुद्धात किंबर्ली-क्लार्क या अमेरिकन कंपनीने लाकडाच्या लगद्यापासून केलेला सेल्युकॉटन, म्हणजे कापसासारखा पदार्थ, जखमा बांधायला वापरला जाई. परिचारिकांनी तोच पाळीसाठी वापरून पाहिला आणि १९२० मध्ये कोटेक्स हे सॅनिटरी पॅड बाजारात आलं. माल चांगला होता, पण दुकानातल्या पुरुषाकडे तो मागायचा कसा? मग गल्ल्यावर पाकिटं रचून शेजारी पैसे टाकायला एक डबा ठेवण्याची युक्ती निघाली. बाईने तोंडातून शब्द न काढता पाकीट उचलायचं, पैसे टाकायचे आणि निघायचं. मला तर तो डबा त्या पॅडइतकाच महत्त्वाचा शोध वाटतो.

आज लघवीवर ताबा न राहणारी कितीतरी माणसं तशीच गप्प आहेत. माझ्या वडिलांनी शेवटची दोन वर्षं लग्नाकार्याला जाणं सोडलं होतं. कारण आम्हाला फार उशिरा कळलं. कपड्याखाली न दिसणारं पातळ पॅड त्यांना वेळेत मिळालं असतं, तर ते आले असते. असं गिऱ्हाईक एकदा जोडलं गेलं की बाळासारखं दोन-तीन वर्षांत सुटत नाही.

म्हणून कंपनीचा वार्षिक अहवाल हातात आला की मी टनांचा आकडा नंतर बघतो. मोठ्यांच्या मालाचा विक्रीतला वाटा किती आणि तो दर वर्षी वर सरकतोय का, हे आधी. व्यवस्थापनाला प्रश्न विचारायची संधी मिळाली तर एवढंच विचारतो: साठीतला माणूस तुमचं पहिलं पाकीट कुठून आणि कसं विकत घेतो?